समुद्रकिनाऱ्यावरील दगडगोटे : त्यांची ओळख व शाळेतील संग्रह

किनाऱ्यालगतच्या गावांतील शाळांत पावसाळा सरल्यावर मुलांचे खिसे जड होऊ लागतात. कोणी पांढरी गारगोटी आणतो, कोणी अंड्यासारखा गुळगुळीत काळा गोटा आणतो, कोणी भोके पडलेला तांबडा खडा आणतो. हे सारे पाटीदप्तराबरोबर वर्गात येते आणि बहुधा खिडकीबाहेर जाते.

एका खाडीकाठच्या शाळेत चौथीतील एका मुलाने पिवळसर रंगाचा, बोराएवढा दगड गुरुजींच्या मेजावर ठेवला व "हे काय आहे?" असे विचारले. गुरुजी हजेरीपट भरीत होते. त्यांनी वर पाहिले आणि "गारगोटी आहे, टाकून दे," असे सांगितले. मुलाने तो दगड टाकून दिला. दोन दिवसांनी तोच दगड शाळेच्या पडवीत उन्हात पडलेला दुसऱ्या एका शिक्षकांच्या दृष्टीस पडला. त्यांनी तो उचलून सूर्यासमोर धरला, तेव्हा आतून प्रकाश आला आणि एकात एक गुंफलेल्या बारीक वलयांच्या रेषा स्पष्ट दिसल्या. तो अकीक होता. मुलाला बोलावून 'हा कोठे सापडला' असे विचारले, तेव्हा त्याला जागा आठवेना. त्याहून वाईट गोष्ट ही की, त्यानंतर त्या मुलाने वर्षभरात एकही दगड शाळेत आणला नाही.

शिक्षकाला प्रत्येक दगडाचे नाव ठाऊक असावे, अशी अपेक्षा कोणीही करणार नाही. दगडांचे शास्त्र मोठे आहे. परंतु दगड हाती आल्यावर तो कसा पाहावा, कोणते साधे प्रयोग करावेत आणि मिळालेली माहिती कशी नोंदवावी, हे प्राथमिक शाळेच्या आटोक्यातील काम आहे. त्यास खर्च जवळजवळ नाही. एक भिंग, एक लोहचुंबक, काचेचा तुकडा, लोखंडी खिळा, लिंबू आणि एक वही एवढे साहित्य पुरते.

प्रथम हे समजून घ्यावे की, किनाऱ्यावर दगड येतात कोठून. मुंबईपासून देवगडपर्यंतचा कोकणचा पाया बहुतांशी काळ्या कातळाचा आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भूगर्भातून निघालेल्या लाव्ह्याचे थरावर थर साचून हा पाषाण बनला. सह्याद्रीचे कडेही त्याचेच आहेत. शास्त्रज्ञ त्यास बेसाल्ट म्हणतात. या कातळावर ठिकठिकाणी जांभ्याची टोपी आहे. उष्ण व दमट हवेत मूळ खडक कुजून, त्यातील विरघळणारी द्रव्ये पावसाच्या पाण्याबरोबर वाहून जाऊन, लोह व ॲल्युमिनियम यांची संयुगे मागे राहिली, त्यांचा हा जांभा. कोकणातील सडे याच दगडाचे असून घराचे चिरेही त्याचेच निघतात. मालवणच्या आसपास व त्याच्या दक्षिणेस, वेंगुर्ले व रेडीपर्यंत, पाया बदलतो. तेथे लाव्ह्याच्या पुष्कळ आधीचे, काही तर दोनशे कोटी वर्षांहूनही जुने खडक उघडे पडले आहेत. म्हणून गुहागरच्या शाळेचा संग्रह व वेंगुर्ल्याच्या शाळेचा संग्रह एकसारखा दिसणार नाही, आणि तसा तो दिसू लागला तर कोठे तरी लबाडी झाली आहे असे खुशाल समजावे.

वाशिष्ठी, शास्त्री, काजळी, मुचकुंदी, वाघोटन, गड, कर्ली या नद्या घाटातून उतरताना दगड फोडून आणतात. दऱ्यांत त्यांचे कोपरे झिजतात आणि त्यांतील काही खाडीच्या मुखाशी पोचतात. दुसरीकडे, समुद्र स्वतःही किनाऱ्यावरील कडे तळातून पोखरतो. वर्षानुवर्षे लाटांबरोबर पुढेमागे लोळून दगड दगडावर घासतो. मऊ दगडाचा चुरा होतो, कठीण दगड गोल होऊन टिकतो. सह्याद्रीत ठाऊक असलेल्या सुंदर स्फटिकांपैकी फारच थोडे किनाऱ्यावर सुटे सापडतात, याचे कारण हेच. बेसाल्टमध्ये वायूच्या बुडबुड्यांनी राहिलेल्या पोकळ्यांत झिओलाइट जातीची पांढरी, गुलाबी, हिरवट खनिजे असतात; बोरघाटात रेल्वेचे काम चालू असताना अशा स्फटिकांची मोठी लूट संग्राहकांना मिळाली होती. परंतु ही खनिजे ठिसूळ आहेत. ती दगडाच्या पोटात असेपर्यंतच सुरक्षित असतात. त्याच पोकळ्यांत भरलेली गार किंवा अकीक मात्र कठीण. भोवतालचा काळा दगड झिजून गेला तरी ती मागे उरते.

पोकळी भरलेला काळा दगड मुलांना फार आवडतो, कारण काळ्या अंगावर पांढरे ठिपके उठून दिसतात. अशा दगडाचा एक तुकडा व एक सुटी गारगोटी शेजारी शेजारी ठेवून 'ही यातूनच निघाली असेल काय?' असे विचारावे. या एका प्रश्नात भूगोलाचे दोन तास आनंदाने जातात.

आता सहलीविषयी. दगड पाहण्यास जाणे म्हणजे ओहोटीस जाणे होय, आणि ही गोष्ट शिक्षकाने कधीही अंदाजावर सोपवू नये. कोळीबांधवांचा जुना हिशेब असा की, तिथीची पाऊणपट केली म्हणजे भरती पूर्ण होण्याची वेळ तासांत मिळते. तृतीयेला तीनाची पाऊणपट सव्वादोन. म्हणजे भरती दुपारी सुमारे सव्वादोनला पूर्ण होईल. भरती व ओहोटी यांत सुमारे सहा तास बारा मिनिटांचे अंतर असते, म्हणून त्या दिवशी सकाळी आठच्या सुमारास ओहोटी पूर्ण होईल. चतुर्थीला भरती तीन वाजता व सकाळची ओहोटी पावणेनऊच्या सुमारास. अमावास्या व पौर्णिमा यांनंतरचे दोनतीन दिवस पाणी दूरवर ओसरते. तेव्हा द्वितीया ते चतुर्थी या तिथींची सकाळ शालेय सहलीस सर्वांत सोयीची ठरते. अष्टमीस ओहोटी दुपारी बाराच्या सुमारास येते खरी, पण भांगाच्या दिवसांत पाणी थोडेच मागे हटते. हा हिशेब ढोबळ आहे. गावच्या एखाद्या अनुभवी कोळ्याला विचारून आणि छापील वेळापत्रकाशी ताडून मगच दिवस ठरवावा. सहल ओहोटी पूर्ण होण्याच्या दीड तास आधी सुरू करावी आणि पाणी फिरले की परतावे. दगडाच्या शोधात मुलांची नजर खाली असते, पाठ समुद्राकडे होते. कातळाच्या पुढे गेलेल्या टोकावर उभे असताना मागील चर भरतीच्या पाण्याने भरून जातो आणि ते कोणाच्या ध्यानात येत नाही. म्हणून एका शिक्षकाने दगड पाहूच नयेत, त्याने केवळ पाण्याकडे व मुलांच्या संख्येकडे पाहावे. दुसरा शिक्षक मिळत नसेल तर गावातील जाणता गृहस्थ बरोबर घ्यावा. तोही नसेल तर सहल पुढे ढकलावी. पावसाळ्यात तर जाऊच नये.

पावसाळ्यानंतरचे पहिले आठवडे उत्तम असतात, कारण आहे. पावसाळी लाटा किनाऱ्यावरील वाळू ओढून आत नेतात व खालचे गोटे उघडे पडतात. समुद्र शांत झाला की वाळू हळूहळू परत येऊ लागते आणि माघ-फाल्गुनापर्यंत तेच गोटे पुन्हा झाकले जातात. एकाच जागी आश्विनात व फाल्गुनात नेल्यास मुलांना हा फरक डोळ्यांनी दिसेल.

किनाऱ्यावर मुलांनी जे वेचले त्यातील बऱ्याच वस्तू दगड नसतात, हे आधीच सांगून ठेवलेले बरे. लाटांनी गोल झालेला कौलाचा तुकडा जांभ्यासारखा भासतो; पण त्याची कड फोडल्यास आतील मातीचा एकसारखा पोत दिसतो. बाटलीची हिरवी काच घासून धुरकट झाली की मुले तिला पाचू म्हणतात. पांढरा, हलका, होडीच्या आकाराचा, नखाने खरवडला जाणारा पदार्थ म्हणजे समुद्रफेन. तो माकुळ जातीच्या प्राण्याच्या अंगातील आधार असतो, फेस नव्हे. राखाडी रंगाचा, चकचकीत, गोल 'दगड' पाण्यात टाकल्यावर तरंगला तर तो बहुधा सागरगोटा, म्हणजे गजग्याच्या काटेरी वेलीचे बी असते. मुली ज्या खेळात गोटे झेलतात त्या खेळास याच बियांवरून नाव पडले आहे. काळे, चिकट, मऊ गोळे दिसल्यास त्यांस हात लावू देऊ नये. ते जहाजांतून सांडलेल्या तेलाचे डांबरगोळे असतात व कपड्यांवरचा त्यांचा डाग निघत नाही.

खरोखरीचा दगडही त्याच जागचा असतो असे नाही. धूप थांबविण्यासाठी बांधलेल्या बंधाऱ्यांचे दगड दूरच्या खाणीतून आलेले असतात. जुन्या बंदरांच्या आसपास तर आणखी एक शक्यता असते. गलबत रिकामे असताना स्थिर राहावे म्हणून त्याच्या तळाशी दगडांचे नीरम भरीत आणि माल चढविताना ते काढून टाकीत. दाभोळ, जैतापूर, विजयदुर्ग यांसारख्या ठिकाणी परिसरात कोठेही न आढळणाऱ्या जातीचा दगड मिळाला तर या शक्यतेचाही विचार करावा.

आता ओळखीच्या कसोट्या. रंगावर कधीही विसंबू नये. ओला दगड देखणा दिसतो आणि शाळेत येईपर्यंत वाळून राखट होतो; मुलांची पहिली निराशा येथेच होते. दगडाच्या पृष्ठावर असंख्य सूक्ष्म ओरखडे असतात. त्यांवरून प्रकाश विखुरतो म्हणून कोरडा दगड फिका दिसतो; पाणी ते ओरखडे भरून काढते. काही हौशी मंडळी यावर उपाय म्हणून दगडास रोगण लावतात. त्याने दगड चमकतो आणि पुढील कोणतीही कसोटी घेण्यास निकामी होतो. दाखविण्यापुरते दोनचार दगड पाण्याने भरलेल्या काचेच्या बरणीत ठेवावेत; तेवढ्याने काम भागते.

कठीणपणा ही कसोटी सर्वांत भरवशाची. फ्रीडरिक मोस या खनिजशास्त्रज्ञाने १८१२ साली दहा खनिजांची एक श्रेणी लावून दिली व ती आजही चालते. तिच्यात कॅल्साइट तिसऱ्या क्रमांकावर आणि स्फटिकी गार सातव्या क्रमांकावर येते. आपले नख सुमारे अडीच, चाकूचे पाते व खिडकीची काच सुमारे साडेपाच. तेव्हा काचेवर दगडाने ओरखडा पडला तर तो काचेहून कठीण. खिळ्याने दगडावरच चर पडला तर तो मऊ. काच हातात धरून प्रयोग करू नये, ती मेजावर सपाट ठेवावी. ओरखडा पडला की नुसता दगडाचा चुरा काचेवर उमटला, हे ओल्या बोटाने पुसून पाहावे. पुष्कळ मुले येथे फसतात, आणि शिक्षकही.

पांढऱ्या दगडांचा गोंधळ या एका कसोटीने बराचसा मिटतो. गार काच कापते, कॅल्साइट कापीत नाही. रांगोळीचा शिरगोळा तर त्याहून मऊ. शिवाय कॅल्साइटवर आम्लाचे बुडबुडे उठतात. शाळेत तीव्र आम्ल आणू नये. दगडाचा थोडा चुरा करून त्यावर ताज्या लिंबाचा रस टाकावा व भिंगातून पाहावे. बुडबुडे बारीक असतात, म्हणून आधी शिंपल्याच्या चुऱ्यावर तोच रस टाकून ते कसे दिसतात हे मुलांस दाखवावे. काही किनाऱ्यांवर वाळू व शिंपले चुन्याने सांधून झालेला एक ओबडधोबड खडक भरतीच्या पट्ट्यात आढळतो. कोकणात त्यास करळ म्हणतात. तोही या कसोटीस उतरतो. त्यातील शिंपले आज किनाऱ्यावर मिळणाऱ्या शिंपल्यांसारखेच असतात, हे मुलांनी स्वतः ताडून पाहावे. दगड म्हणजे फार जुनाच असला पाहिजे, हा समज तेथल्या तेथे दूर होतो.

अकीक व साधी गार यांत फरक करताना तिसरी कसोटी लागते, ती प्रकाशाची. दोन्ही काच कापतात. अकिकाचे अंग मेणासारखे तुळतुळीत असते, फुटल्यास त्यावर शिंपल्याच्या पाठीसारखी वर्तुळाकार खळगी दिसतात, आणि पातळ कडेतून प्रकाश झिरपतो. बेसाल्टच्या पोकळीत सिलिकायुक्त पाणी झिरपून थरावर थर बसत गेले, त्यांचीच ती वलये. लालसर अकिकास रुधिराक्ष असेही म्हणतात. गुजरातेतील खंभात येथे हा दगड तापवून, घासून मणी करण्याचा धंदा पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. कच्चा दगड नर्मदेच्या खोऱ्यातील रतनपूरकडून येतो. तापविल्याने दगडातील लोहाचे रूप बदलते व फिका पिवळा रंग लाल होतो. लोथल येथील उत्खननात सिंधू संस्कृतीच्या काळातील मण्यांची कार्यशाळा सापडली, तीतही हेच मणी होते. खाडीकाठच्या शाळेतील त्या मुलाचा बोराएवढा दगड याच कुळीचा होता.

दोन गारगोट्या अंधाऱ्या खोलीत एकमेकींवर जोराने घासल्या तर घासल्या जागी क्षणभर नारिंगी उजेड दिसतो व जळल्यासारखा वास येतो. हा उजेड दगडाच्या आतूनच येतो. चकमकीने पोलादावर पाडलेली ठिणगी निराळी, ती पोलादाचे तापलेले कण उडाल्याने दिसते. वर्गाच्या खिडक्या झाकून हा प्रयोग केल्यास ज्या मुलांना दगडांत रस नाही तीही पुढे सरकतात. डोळ्यांपासून हात दूर ठेवण्यास सांगावे. दगड फोडावयाचाच झाल्यास तो गोणपाटात गुंडाळून शिक्षकाने स्वतः फोडावा, मुलांच्या हाती हातोडा देऊ नये.

जड व गडद दगडांसाठी कस पाहावा. चिनी मातीच्या बशीच्या बुडाची चकाकी नसलेली कड किंवा फरशीची खरखरीत पांढरी पाठ यासाठी चालते. तिच्यावर दगड ओढल्यास रेघ उमटते. दगडाचा रंग कोणताही असो, रेघेचा रंग सहसा बदलत नाही. रेडीच्या बाजूस मिळणारे लोहखनिज कधी करडे, कधी काळे दिसते, परंतु हेमॅटाइट असेल तर रेघ तांबडीच येते. मॅग्नेटाइटची रेघ काळी येते व त्यास चुंबक चिकटतो. सोन्यासारखे चमकणारे दगड आले की वर्गात व पाठोपाठ घरातही खळबळ उडते. गावात अशा दगडावर लोकांनी आशा बांधल्याचे प्रकार घडतात, म्हणून येथे शिक्षकाने थट्टा न करता कसोटी दाखवावी. सोने मऊ असते, ठोकल्यास पसरते व त्याची रेघ पिवळीच येते. पायराइट ठिसूळ असते व त्याची रेघ हिरवट काळी येते. अभ्रकाचे पापुद्रे तर नखाने सुटतात. मुलाने ही तीन लक्षणे घरी जाऊन बापाला समजावून सांगितली तर त्या घरचा व्यर्थ खर्च वाचू शकेल.

वाळूही विसरू नये. रत्नागिरीस रत्नदुर्गाच्या एका अंगास पांढरा समुद्र व दुसऱ्या अंगास काळा समुद्र अशी नावे लोकांनी ठेवली आहेत. पाणी तेच; वाळूचा रंग निराळा. काळ्या वाळूत इल्मेनाइट व मॅग्नेटाइट यांचे जड कण असतात. कागदावर चिमूटभर वाळू पसरून कागदाखालून चुंबक फिरविला की मॅग्नेटाइटचे कण उभे राहून चालू लागतात. इल्मेनाइटचे कण साध्या चुंबकास फारशी दाद देत नाहीत. उरलेली वाळू भिंगाखाली पाहिल्यास तीत शिंपल्यांचा चुरा, गारेचे कण व काळ्या दगडाचे तुकडे वेगवेगळे मोजता येतात.

सातवीच्या वर्गास एक गणितही देता येईल. ताणकाट्यास दोऱ्याने दगड टांगून वजन घ्यावे. मग तोच दगड पाण्यात पूर्ण बुडवून पुन्हा वजन घ्यावे. हवेतील वजनास घटलेल्या वजनाने भागले की विशिष्ट गुरुत्व मिळते. एखादा दगड हवेत २९० ग्रॅम व पाण्यात १९० ग्रॅम भरला, तर घट १०० ग्रॅम व विशिष्ट गुरुत्व २.९. ताज्या बेसाल्टचे उत्तर याच्या जवळपास येते. गारेचे २.६५ असते, मॅग्नेटाइट व हेमॅटाइट यांचे पाचाच्या आसपास. जांभ्याचे उत्तर दर खेपेस निराळे येईल, कारण त्याच्या भोकांत हवा अडकते. ते का, हे मुलांनाच शोधू द्यावे.

घरोघरी देवपूजेत असलेल्या दगडांचा विषय मुले हमखास काढतात. शाळिग्राम गंडकी नदीत मिळतो व त्यातील चक्र हे प्राचीन समुद्रातील अमोनाइट नावाच्या प्राण्याच्या कवचाचा ठसा असते. नर्मदेतील बाण व शोण नदीतील तांबडा शोणभद्र हेही नदीने घडविलेले गोटे. किनाऱ्यावरील काळा गोल गोटा शाळिग्राम नव्हे, हे सांगताना कोणाच्या श्रद्धेस धक्का देण्याचे कारण नाही; 'हा गंडकीचा नव्हे, आपल्या कातळाचा आहे' एवढे पुरे. पंचायतनातील प्रत्येक शिळा कोणत्या नदीची हे सांगण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे. ठिकाण नोंदविण्याची सवय मुलांना लावताना याच रीतीचा दाखला द्यावा.

काय उचलू नये, हेही स्पष्ट असावे. प्रवाळ, मग तो मृत का असेना, उचलू नये. वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ खाली त्यास संरक्षण आहे. काही शंखांनाही ते लागू आहे, तेव्हा शंखशिंपल्यांचा संग्रह या कामात मिसळू नये. ज्या दगडावर कालवे, शेवाळ किंवा जिवंत प्राणी आहेत तो जागीच राहू द्यावा, आणि पाहण्यासाठी उलटलेला दगड पुन्हा पालथा घालावा. किल्ल्याच्या तटाचा किंवा सड्यावरील कातळशिल्पांचा लहानसा तुकडाही फोडू नये. प्रत्येक मुलाने फार तर तीन दगड आणावेत. मर्यादा घातली की निवड करावी लागते आणि निवड करताना मूल निरखून पाहू लागते.

शाळेत आणल्यावर दगड चारपाच दिवस गोड्या पाण्यात ठेवावेत व पाणी रोज बदलावे. नाही तर अंगातील मीठ फुलून वर येते आणि जांभ्यासारख्या सच्छिद्र दगडाचे पापुद्रे सुटतात. मांडणीसाठी आंब्याची पेटी उत्तम. तीत पुठ्ठ्याचे कप्पे करावेत. दगडाच्या तळाशी पांढऱ्या रंगाचा ठिपका देऊन त्यावर शाईने अनुक्रमांक घालावा, आणि तोच अनुक्रमांक वहीत. कागदाच्या चिठ्ठ्या नुसत्या ठेवल्या तर पहिल्या झाडलोटीतच त्यांची अदलाबदल होते.

दोन संग्रहांचे उदाहरण येथे उपयोगी पडेल. एका शाळेत काचेच्या कपाटात चाळीस दगड मखमलीवर मांडलेले होते. प्रत्येकाखाली छापील अक्षरांत नाव होते, परंतु कोणता दगड कोठून आला हे कोणालाच सांगता येईना; त्यांतील काही तर बाजारातून विकत आणलेले निघाले. दुसऱ्या शाळेत बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात अकरा दगड होते व मुलांच्या वाकड्या अक्षरांत एक वही होती. 'खाडीच्या उत्तरेस, पिंपळाखालच्या धक्क्यापासून साठ पावले, भरतीच्या रेषेवर, कार्तिक शुद्ध तृतीया, काच कापतो, लिंबाने फसफसत नाही, चुंबक नाही' असे त्यात लिहिलेले होते. पहिले कपाट पाहुण्यांस दाखविण्यास ठीक. भूविज्ञानाचा अभ्यासक आला तर तो डबा उघडील.

वहीत अनुक्रमांक, ठिकाण, दिनांक, आणणाऱ्याचे नाव, कोरडा व ओला रंग, काचेची, लिंबाची, चुंबकाची व कसाची कसोटी, आणि शेवटी दगडाचे नाव, इतके रकाने पुरेत. नावाचा रकाना पेन्सिलीने भरावा. बाकीचे शाईने. कसोटीत जे दिसले ते बदलत नाही, नाव मात्र उद्या चुकीचे ठरू शकते. नाव निश्चित होत नसेल तर 'माहीत नाही' असे लिहावे. पुस्तकातील किंवा भ्रमणध्वनीवरील चित्राशी रंग जुळला एवढ्यावरून नाव घालण्याचा मोह आवरावा. शिक्षकाने मुलांसमोर 'माहीत नाही' असे लिहिल्याने त्याची किंमत कमी होते, ही भीती पुष्कळांस वाटते. वर्गातील अनुभव तसा नाही. अशा दगडांची यादी करून जवळच्या महाविद्यालयातील भूविज्ञानाच्या प्राध्यापकांकडे दगडासह न्यावी. दगड परत मिळेल अशी बोली आधीच करावी, कारण तो मुलाचा असतो.

ज्या शाळा किनाऱ्यापासून दूर आहेत त्यांना नदीचे पात्र आहे. तेथेही हीच रीत चालते. भरतीऐवजी वरच्या धरणातून पाणी केव्हा सुटते याची चौकशी करावी, एवढाच फरक.

खाडीकाठच्या त्या शाळेत पुढल्या वर्षी वर्गाच्या दाराशी आंब्याची एक रिकामी पेटी ठेवण्यात आली. पहिल्या कप्प्यात तो पिवळसर दगड आहे. वहीतील त्याच्या नोंदीत ठिकाणाचा रकाना कोरा असून त्यापुढे गुरुजींच्या अक्षरांत 'विचारावयाचे राहिले' असे लिहिले आहे. दुसऱ्या कप्प्यातील दगड श्रावणानंतर आला. तो त्याच मुलाने आणला, आणि या खेपेस त्याने पावले मोजली होती.